कुलरची जाळी आणि मादक नायिका

इरॉटिक थ्रिलरची टर उडवायची तर खिसा रिकामाच पाहिजे. 'बेसिक इन्स्टिंक्ट' 1992 ला आला आणि पुढच्याच वर्षी हॉलिवूडनं 'फॅटल इन्स्टिंक्ट' हे विडंबनही काढलं. पण स्टुडिओचा पैसा लागला की सगळं गुळगुळीत होतं. ज्याची चेष्टा करायची त्याचेच कपडे घालून उभं राहिल्यावर चेष्टा ती काय होणार?

या सिनेमांत असतं काय हो? एक बाई, एक खून आणि बाकी नुसती श्रीमंती. सॅटिनची चादर, समुद्राकाठचा बंगला, खिडकीच्या पट्ट्यांमधून अंगावर पडणारा उजेड. 'जिस्म' (2003), 'मर्डर' (2004) आम्ही सीडीवर, दाराला कडी लावून पाहिले. आता परभणीत समुद्र कुठून आणायचा?

तरी आम्ही घाट घातलाच. लगीनसराई संपली की शूटिंगवाल्या दोस्ताचा मिनी डीव्ही, म्हणजे बारक्या कॅसेटवर चालणारा, कॅमेरा मोकळा असायचा. नायिकेसाठी पोरगी शोधायची कुणाची छाती नव्हती, मग आमच्यातलाच एक काटकुळा गडी गाऊन घालून उभा राहिला. (नाथांच्या भारुडाचा मुलूख आहे हा, बाप्यानं बाई होण्यात नवल ते काय!) खिडकीच्या पट्ट्या म्हणून कुलरची बाजूची जाळी काढून हॅलोजनपुढे धरली. सावली काय झकास पडली राव! पण दोन मिनिटांत जाळीतलं गवत करपल्याचा वास सुटला, धरणाऱ्यानं बोंब मारली आणि तेवढ्यात लोडशेडिंग. पुढचा सीन एका हँडीकॅमच्या नाइटशॉटवर, म्हणजे अंधारात दिसायच्या बटणावर, उरकला. नायिका हिरवीगार, डोळे पांढरेफटक. मादक कमी आणि मुंजाच जास्त.

पण खरं विडंबन करायचा तो कॅमेराच. आतला उजेड टिपणारा सेन्सर बारका, त्यामुळे जवळचं-लांबचं सगळं सारखंच स्पष्ट. नायिका मान वेळावून सिगारेट म्हणून उदबत्ती धरतेय आणि मागं किराणा दुकानाचं कॅलेंडर, त्यावरची चतुर्थीसुद्धा वाचता येते. गूढ वाटायला काहीतरी झाकलेलं लागतं. डीव्हीला झाकताच यायचं नाही.

आता फोन आपोआप मागचं धूसर करतो. वर पोरं जुन्या कॅमेऱ्याचा फिल्टर मारतात, कोपऱ्यात खोटी तारीख, मधे खोटे चौकोन. अरे बाबांनो, ते चौकोन कॅमेऱ्यातलं टेप वाचणारं हेड घाण झालं की उडायचे, आम्ही शिव्या घालायचो त्यांना! नक्कल करायचीच तर कॅलेंडर दिसू द्या.

आमची कॅसेट अजून कपाटात आहे, वाजवायला कॅमेरा नाही. परभणी-नांदेडकडं कुणाकडं चालू मिनी डीव्ही आणि फायरवायरचं (कॅमेऱ्याची वायर जोडायचं) पोर्ट असलेला जुना कॉम्प्युटर असेल तर इनबॉक्समध्ये सांगा. तासाची कॅसेट उतरवायला तासच लागतो, चहा माझ्याकडून. उतरली तरी इथं टाकणार नाही. आमची नायिका सध्या एका झेडपी शाळेत मुख्याध्यापक आहे आणि फ्रेंडलिस्टमध्ये सरांच्या शाळेतल्या पोरांचे पालक आहेत.