साइडकारमधला हवालदार

रविवारी रात्री सव्वाआठनंतर जर्मन माणसाला फोन करायचा नाही, हे मला पॉट्सडॅमला आल्यावर पहिल्या महिन्यातच कळलं. त्या वेळी एआरडी या सार्वजनिक वाहिनीवर दीड तासाची गुन्हेकथा असते, कधी ‘टाटोर्ट’, कधी ‘पोलिझायरूफ ११०’. शेजारच्या आजी तेव्हा दारसुद्धा उघडत नाहीत.

सप्टेंबर २०२५मध्ये त्याच आजी जिन्यात भेटल्या आणि म्हणाल्या, “आमचा क्राउझे गेला.” मला वाटलं, नात्यातलं कोणी असेल. गेले होते ते हॉर्स्ट क्राउझे, वय ८३. ढेरपोटे, टकले, हिरोपणाचा एकही गुण अंगी नसलेले नट. ‘पोलिझायरूफ’मध्ये १९९९ ते २०१५ ते ब्रांडेनबुर्गमधले खेड्यातले हवालदार होते. मोटारसायकलला साइडकार, आणि साइडकारमध्ये कुत्रा. त्यांच्यावरच्या तपास अधिकारी बाई दोनदा बदलल्या, हवालदार तोच राहिला. पुढे या हवालदाराचे स्वतंत्र टीव्हीपटही निघाले. त्यांत खुनाबिनापेक्षा त्याच्या दोन बहिणींची कुरकुरच जास्त.

त्याच आठवड्यात सांगलीहून मामाचा फोन आला. हलाखीत दिवस काढणाऱ्या एका वयस्कर नटाचा व्हिडिओ गावभर फिरत होता. मामाचं म्हणणं असं, की “आपल्या लोकांना फक्त हिरो लागतो. चरित्र अभिनेत्याला कोण विचारतंय? तुमच्याकडे बघ.” मी जर्मनीत आल्यापासून जर्मनी ‘तुमच्याकडे’ झालीय.

मला हे पटत नाही. निळू फुले पडद्यावर आले की खेडोपाडी बायका खरोखर शिव्या घालायच्या, याहून मोठी दाद कोणती? प्रेक्षक आपलाही जाणता आहे. प्रश्न पगाराचा आहे. क्राउझे आधी टर्नर होते (हे ऐकून मामा खूश, तोही किर्लोस्करवाडीला टर्नरच होता), मग बर्लिनला नाट्यशिक्षण, मग पूर्व जर्मनीतल्या कार्ल-मार्क्स-श्टाट, ड्रेस्डेनच्या नाट्यगृहांत नोकरी. हो, नोकरी. इथल्या शहरांच्या नाट्यगृहांत नटाला महिन्याचा पगार असतो. एकट्याच्या खांद्यावरचा सिनेमा मिळाला तो साठी गाठल्यावर. २००३च्या त्या सिनेमात ते मिठाच्या खाणीतून निवृत्त झालेले अॅकॉर्डियनवाले झाले होते. इतकी वर्षं थांबायला पोट भरलेलं लागतं. आपल्याकडे त्या वयाचा नट रोजच्या एपिसोडसाठी बारा-बारा तास सेटवर असतो, नाहीतर सरकारच्या पाच हजारांच्या मानधनाचा अर्ज भरत असतो.

पण ‘तुमच्याकडे’ सगळं गोड आहे असंही नाही. भिंत पडल्यावर पूर्व जर्मनीचं टीव्ही केंद्रच बंद झालं आणि तिथले कितीतरी नट रस्त्यावर आले. ‘पोलिझायरूफ’ हा १९७१पासूनचा तिथला कार्यक्रम, टिकला तो अपवाद म्हणून. शिवाय एआरडीसारख्या वाहिन्या चालतात त्या घरटी वर्गणीवर, महिन्याला १८ युरो ३६ सेंट. टीव्ही बघा न बघा, भरायचे. पैसा सरकारी तिजोरीतून जात नाही, म्हणून मंत्र्याला वाहिनीवर हुकूम सोडणं अवघड जातं. लोक मात्र चिडतात. २०२०मध्ये झाक्सेन-अनहाल्ट राज्याने वाढीव वर्गणी अडवून धरली होती, ती पुढच्या वर्षी घटना न्यायालयाने लागू केली. गंमत म्हणजे क्राउझेंचा तो खाणकामगार त्याच राज्यातला. आमच्या आजीही वर्गणीचं पत्र आलं की आठवडाभर धुसफुसतात.

हे सगळं मी मामाला समजावून सांगितलं. म्हटलं, आपल्याकडेही अशी काही सोय झाली तर नट उपाशी मरणार नाहीत. तो शांतपणे ऐकत होता. मग विचारलं, “अठरा युरो म्हणजे किती रे?”

“अठराशेच्या वर.”

“महिन्याला?” मामा म्हणाला. “एवढ्यात तर माझं वर्षाचं नाटक होतं!”