नीसच्या किनाऱ्यावर अब्रू सांभाळताना

हिवाळ्यात फ्रान्समधल्या नीसला हवापालटाला निघालाच असाल, तर ट्रंकेत सहा पोशाख, एक छत्री आणि भरपूर संशय भरा. साल १९३० आहे आणि प्रोमनाद देझांग्ले या समुद्रकाठच्या रस्त्यावर चाकांची एक खुर्ची फिरते आहे. तिच्यावरून 'आ प्रोपो द नीस' नावाचा या गावावरचा मूकपट टिपला जातोय.

छातीचे विकार घेऊन आलेले लोक इथे कमी नाहीत, म्हणून अशा खुर्चीकडे कोणी ढुंकूनही बघत नाही. घात होतो तो तिथेच. खुर्चीतला छायाचित्रकार बोरिस कॉफमन ठणठणीत आहे, कॅमेरा लपवून बसलाय. ढकलणारा पंचविशीतला दिग्दर्शक झाँ विगो मात्र खरोखरचा क्षयरोगी. रोगी ढकलतोय आणि धडधाकट माणूस आरामात बसलाय, असं दिसलं की लगेच वाट बदला.

उपाय तसा सोपा आहे. टक लावून बघा. समोरच्याला सुगावा लागला की कॉफमन चित्रण थांबवतो. त्याला बेसावध चेहरेच हवेत. पण रोखून बघणं सभ्य माणसाला शोभत नाही. तेव्हा तुम्ही उन्हात खुर्ची टाकाल आणि पाचव्या मिनिटाला तोंड उघडं टाकून घोरू लागाल. मूकपट आहे, घोरणं ऐकू जाणार नाही. तेवढाच दिलासा.

बाईसाहेब, मान जरा कमी ताठ ठेवा. रस्त्यावर तुमचा तोरा झकास दिसतो, पण संकलनाच्या टेबलावर त्याला शहामृगाच्या चित्रणाचा तुकडा चिकटवतात. ऊन खात पडलेल्यांच्या नशिबी मगर.

सहा पोशाखांचंही जपून. पटात खुर्चीवर बसलेली एक तरुणी आहे. खुर्ची तीच, बैठक तीच, पोशाख मात्र बदलत जातात आणि शेवटी एकही उरत नाही. यात खुर्ची बोटभर सरकली तरी जोड उघडा पडतो. हे काम चोरून होत नाही, ठरवूनच करावं लागतं.

मरायचं असेल तर कृपया दुसऱ्या गावी. सेकंदाला ८ फ्रेम घेऊन १६ने दाखवल्या की कुठलीही मिरवणूक दुप्पट वेगाने धावते, आणि विगोने नेमकी अंत्ययात्राच पळवली आहे. कार्निव्हलच्या नाचणाऱ्या पोरींसाठी उलटा हिशेब: फ्रेम जास्त घ्यायच्या, की पाय हवेत रेंगाळतात. कॅमेरा तेव्हा खाली, पायांपाशी.

जुन्या गावाच्या बोळात पाऊलही टाकू नका. तिथे डोक्यावर धुणी टांगलेली, आणि तीही सुमारे २५ मिनिटांच्या त्याच पटात तुमच्या शेजारी येतात.

कॅसिनोचं काय म्हणता? पटाच्या सुरुवातीलाच खेळण्यातल्या आगगाडीने बाहुले-प्रवासी येतात आणि जुगाराच्या टेबलावरचं लांब दांड्याचं फावडं त्यांना सरसकट ओढून नेतं. परतीचं तिकीट आधीच काढून ठेवलंय ना?