वास्तव जरा ढिलं झालंय

आमच्या इमारतीची लिफ्ट बंद पडली, तेव्हा मी गुरुत्वाकर्षण थोडं कमी केलं. यात हसण्यासारखं काही नाही. गुडघेदुखीवाले अप्पा आणि पंचवीस किलो तांदळाचं पोतं एकाच दिवशी चौथ्या मजल्यावर न्यायचं असेल, तर तुम्हीही हेच केलं असतं. घरात वास्तव जुळवायचं यंत्र असताना ते नुसतं फ्रिजवर ठेवून त्यावर रुमाल काय घालायचा?

यंत्र तसं साधंच आहे. पुढे चार बटणं, मागे एक वायर, आणि हप्ते अजून चालू. आमचा प्लॅन स्वस्तातला असल्यामुळे आपल्या पिनकोडपुरतंच वास्तव हलवता येतं. बटण ९.८ वर होतं, ते ८ वर आणलं. अप्पा जिना टणाटण चढून गेले, तांदळाचं पोतं मी स्वतः नेलं, आणि संध्याकाळपर्यंत सगळी बिल्डिंग माझ्या दारात उभी.

पहिली तक्रार घरातूनच आली. तूरडाळ शिजेना. कुकरची शिट्टी म्हणजे शेवटी एक वजनच. ते हलकं झालं, वाफ वेळेआधीच बाहेर पडायला लागली आणि आतलं तापमान वर चढेना. "सात शिट्ट्या झाल्या, तरी डाळ टणक," सौ. म्हणाली. चहाचंही तेच. वरच्या हवेचं वजनही घटलेलं, त्यामुळे पाणी चौऱ्याण्णव अंशांच्या आसपासच उकळायचं. म्हणजे आम्ही डोंबिवलीत बसून महाबळेश्वरपेक्षा उंचावरचा चहा पीत होतो, आणि तो पांचट होता. गच्चीवरच्या टाकीतून येणाऱ्या पाण्याचा जोरही गेला. वरच्या मजल्यावरचे एक काका अंगाला साबण लावून शॉवरखाली ताटकळत राहिले होते. तक्रार करायला तसेच खाली आले. टॉवेल होता, एवढंच.

भाजीवाल्यांमध्ये तर उभी फूट पडली. काट्याच्या तराजूवाल्याला काहीच फरक पडला नाही, कारण दोन्ही पारडी सारखीच हलकी झाली. इलेक्ट्रॉनिक काट्यावर मात्र किलोभर वांगी ८१६ ग्रॅम भरायला लागली. गिऱ्हाईक सगळं त्याच्याकडे वळलं. दिवसभर धंदा करून तो रडकुंडीला आला.

खूश एकटे अप्पा. त्यांचं लंबकाचं घड्याळ तासाला जवळजवळ सहा मिनिटं मागे पडायला लागलं. सकाळी आठला लावलेलं घड्याळ पावणेतीनच्या सुमाराला बरोबर ३९ मिनिटं मागे गेलं, तेव्हा अप्पांनी सगळ्यांना बोलावून दाखवलं, "बघा, मुंबई टाईम!" देशाची प्रमाणवेळ १९०६ साली आली, तरी मुंबईने आपली ३९ मिनिटं मागची वेळ पार १९५५ पर्यंत सोडली नव्हती. अप्पांच्या मते तेव्हापासून सगळंच बिघडलंय.

बटण परत ९.८ वर आणायला गेलो, तर ते अडकलं. कंपनीला फोन लावला. "आपलं वास्तव वॉरंटीत आहे का?" असं एका गोड आवाजाने विचारलं. बिल सापडत नाही म्हटल्यावर आवाज तेवढ्याच गोडीने म्हणाला, "मग हा मॅन्युफॅक्चरिंग डिफेक्ट धरता येणार नाही, सर. विश्व आपण जसं आहे तसं स्वीकारलेलं आहे."

शेवटी मेकॅनिक आला. तीन फोन, चार पत्ते, "साहेब, खाली उभा आहे, पण तुमची बिल्डिंग कुठली?" हे सगळं यथासांग झालं. माणूस जाणकार निघाला. बटणाखालून झुरळ काढलं आणि दोन मिनिटांत डाळ शिजायला लागली. व्हिजिट चार्ज तर द्यायचाच होता, म्हणून मी म्हटलं, आलाच आहात तर प्रकाशाचा वेगही थोडा वाढवा, वायफाय फार रेंगाळतं.

"वाढवतो," तो म्हणाला, "पण आकडा तोच दिसणार. सेकंदाला २९,९७,९२,४५८ मीटर. १९८३ पासून मीटरच प्रकाशावरून ठरतो ना, साहेब. प्रकाश जोरात पळाला की मीटर लांब होतो."

सौ. आतून लगबगीने बाहेर आली. "थांबा भाऊ, मी आधी कापडवाल्याकडे जाऊन येते की नंतर?"

"नंतर, वहिनी. तेवढ्याच पैशात जास्त कापड."

मग माझ्याही डोक्यात प्रकाश पडला. मीटर लांबला, तर फ्लॅटचे चौरस मीटर कमी भरणार, म्हणजे मालमत्ता कर कमी! मेकॅनिकने एवढंच विचारलं, "आणि विकायचा झाला, तर?" आम्ही ते बटण तसंच राहू दिलं.

खरी मारामारी चौथ्या बटणावरून झाली. ते वेळेचं. त्याला अधिक महिना जोडता येतो हे मेकॅनिक सहज बोलून गेला आणि तासाभरात सोसायटीची तातडीची सभा भरली. चांद्र वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी कमी पडतं, म्हणून साधारण बत्तीस-तेहेतीस महिन्यांनी एक महिना जादा घालतात, हे सेक्रेटरींनी उभं राहून समजावलं. ऐकत कोणीच नव्हतं. तिसऱ्या मजल्यावरच्या काकूंना चार जावई. जावयामागे तेहेतीस अनारसे, वर चांदीचं काहीतरी. त्यांची मागणी होती की आपल्या पिनकोडला यापुढे अधिक महिना नकोच. त्यांच्या बरोबर समोर राहणारे गृहस्थ स्वतः जावई. त्यांचा आग्रह, की तो दरवर्षी असावा, आणि जमल्यास तीस दिवसांचा नको, चाळीस दिवसांचा असावा.

"मग चतुर्थ्या किती येणार?" एका आजींनी विचारलं. उपास वाढणार म्हटल्यावर अर्धी सभा फुटली.

शेवटी ठराव झाला. बटणाला कुलूप लावायचं, आणि किल्ली तळमजल्यावरच्या एकट्या राहणाऱ्या प्राध्यापकांकडे द्यायची, कारण त्यांना सासुरवाडीही नाही आणि जावईही नाही. काकू दुसऱ्याच दिवशी त्यांच्याकडे अनारशांचा डबा घेऊन गेल्या.