लाईन कुठली?

'लाईन' हा शब्द मराठीतून हाकला म्हणणाऱ्यांनी आधी त्याच्या जागी काय बसवायचं ते सांगावं. रेषा? ओळ? रांग? मार्ग? वाहिनी? पाचही शब्द चांगले आहेत, पण मुंबईत सकाळी घराबाहेर पडल्यापासून रात्री परत येईपर्यंत यातला एकही एकटा पुरणार नाही.

लोकलचंच घ्या. स्टेशनवरच्या उद्घोषणेत 'हार्बर मार्गावरील वाहतूक' असं छान मराठी ऐकू येतं, आणि ते ऐकून प्लॅटफॉर्मवरचा माणूस घरी फोन करून सांगतो, "हार्बर लाईन बोंबललीय, जेवून घ्या." 16 एप्रिल 1853 ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी धावली, तेव्हापासून या शहराचा नकाशा लाईनींवर वाढला. आता लाईन हा आपला पत्ताच झाला आहे. लग्न जुळवताना पत्रिकेआधी लाईन बघणारी घरं मी पाहिली आहेत. मुलगी बोरिवलीची, ऑफिस अंधेरीला आणि स्थळ बदलापूरचं, म्हणजे छत्तीस गुण जुळूनही तिची आई दादरचा पूल आठवून गप्प बसते. त्यात "मुलगा कुठल्या लाईनला आहे?" या प्रश्नाला दोन उत्तरं असतात. एक "सेंट्रलला" आणि दुसरं "केमिकल लाईनला". दोन्ही बरोबर, आणि विचारणाऱ्यालाही बहुतेक दोन्ही हवी असतात.

रेल्वेकडूनच आपण 'लाईन क्लिअर' उचललं. मूळ अर्थ अगदी कामाचा: पुढच्या स्टेशनकडून लाईन क्लिअर मिळाल्याशिवाय मागचा स्टेशनमास्तर त्या टप्प्यात गाडी सोडत नाही. आपल्याकडे तेच "बाबा झोपले, लाईन क्लिअर" झालं. पुढचं स्टेशन, रिकामा रूळ, परवानगी, सगळं दोन शब्दांत आलं की!

खरी गंमत क्रियापदांची आहे. लाईन लागते, म्हणजे रेशनच्या दुकानाबाहेर गर्दी असते. पोरगं लाईनीला लागतं, म्हणजे नोकरीधंद्यात स्थिरावतं. लाईनीवर येतं, म्हणजे त्याआधी बिघडलेलं होतं. आणि लाईन टाकणं! चाळीतल्या कितीतरी मुलांनी पहाटे पेपरची लाईन टाकून कॉलेजची फी भरली. इथे लाईन म्हणजे ठरलेली घरं, ठरलेले जिने, कुणाला कुठला पेपर हे तोंडपाठ असणं, आणि पावसाळ्यात पेपर कोरडा पोचवणं. एवढं सगळं एका शब्दात, आणि तोही ज्यांना इंग्रजी यायचं नाही त्यांनीच घडवलेला. अशी एखादी लाईन दुसऱ्याला विकताही येते, यावरून तिची किंमत ओळखा.

लाईन मारणं मात्र मला कधीच गमतीचं वाटलं नाही. मारणारा मित्रांत टाळ्या घेतो आणि जिच्यावर मारली जाते ती डबा बदलते. त्याहून वाईट म्हणजे 'लाईन देणं'. मुलगी सहज हसली तरी "देते रे लाईन" असा निकाल लागतो. म्हणजे तिने काय दिलं हेसुद्धा घेणाऱ्यानेच ठरवायचं! शब्दाच्या प्रेमापोटी मी याचं कौतुक करणार नाही.

मरीन लाइन्स स्टेशनवर रोज उतरणाऱ्यांनाही त्यातल्या 'लाइन्स' रुळांच्या वाटतात. त्या खरं तर पलटणीच्या. तिथे मरीन बटालियनची वस्ती होती, आणि सैनिकांच्या घरांच्या ओळींना लाइन्स म्हणत. पोलीस लाईन हा त्याच घराण्यातला शब्द. तिथे वाढलेली मुलं स्वतःला 'लाईन बॉय' म्हणवतात ते काही इंग्रजीच्या हौसेने नाही. वडील बंदोबस्ताला, सण शेजाऱ्यांबरोबर, आणि वडील निवृत्त झाले की घर सोडायचं, हे सगळं त्यांच्या 'लाईन'मध्ये असतं. 'वसाहत' म्हटलं की त्यातलं निम्मं गळून पडतं.

मुंबईबाहेर गेलात की हिशोब पुन्हा बदलतो. माझा यवतमाळकडचा मावसभाऊ फोनवर "लाईन नाही इकडे" म्हणाला की वीज गेलेली असते. आमची 'लाईट' जाते, त्यांची 'लाईन'.

आणि सगळेच इंग्रजी शब्द असे रुजतात असंही नाही. सावरकरांनी दिलेला 'महापौर' मेयरला पुरून उरलाच ना? साहेब स्वतः रांगेला 'क्यू' म्हणायचा, लाईन हे अमेरिकनांचं. आमच्या आजोबांच्या पिढीत बसस्टॉपवर क्यूच असायचा. पण तो शब्द शेवटपर्यंत पाहुण्यासारखा राहिला. लाईन मात्र स्त्रीलिंगी झाली, लाईनीत, लाईनीला, लाईनीतून अशी विभक्ती लावून घेतली, अनेकवचनात लाईनी झाली, आणि आजी-नातवाच्या तोंडी सारखीच बसली. आता 'क्यूतून बाहेर ये' असं कुणाला ओरडून बघा. तो माणूस आधी तुमच्याकडे बघेल, मग "लाईनीत या हो" म्हणेल.