डोळ्यांचे कोपरे

आज डोकं फिरलंय, पोस्ट लांबणार.

दुपारी आठ वर्षांचा भाचा टॅबवर बग्ज बनी बघत होता. म्हटलं बघू दे, निदान गेम तरी खेळत नाहीये. थोड्या वेळाने आला, बोटांनी डोळ्यांचे कोपरे ताणले आणि म्हणाला, "मामा, मी जपानी!" खाली गेलो तर गेटवर वॉचमनकाकांनाही तेच करून दाखवलं. काका नेपाळचे. ते हसले.

मग मी ते कार्टून लावलं. १९४४चं, अमेरिकन, महायुद्धातलं. ससोबा पॅसिफिकमधल्या बेटावर आईस्क्रीमची गाडी घेऊन येतात, जपानी सैनिक धावत सुटतात, आणि हा एकेकाला डोळ्यांवरून, तोंडावरून नावं ठेवत आईस्क्रीम देतो. आत हातबॉम्ब. धडाम. हसा आता!

हो, जपानने पर्ल हार्बरच्या अमेरिकन तळावर हल्ला केला होता, अमेरिकेची पोरं मरत होती. मान्य. जपान्यांनीही मोमोतारोच्या लोककथेतले राक्षस म्हणजे इंग्रज असं दाखवत १९४५मध्ये अख्खा कार्टूनपट काढला. तेही मान्य. पण त्याच अमेरिकेने १९४२पासून जपानी वंशाची सुमारे १,२०,००० माणसं तारेच्या कुंपणात डांबली. त्यातले बहुतेक तिथलेच नागरिक! जर्मन आडनावाच्या शेजाऱ्यांना कुणी असं सरसकट उचललं नाही. का, ते त्या सशाला विचारा.

आणि काकांचं ते हसणं. उशीर झाल्यावर साहेबासमोर हसतो ना आपण, तसलं.

मी काही सोवळा नाही. डोनाल्ड डकचं 'डेर फ्यूरर्स फेस' मला तोंडपाठ आहे. ऑस्करवालं. त्यात डोनाल्ड हिटलरच्या राज्यातला कामगार. काय ती न्याहारी! लपवलेला कॉफीचा एकुलता एक दाणा दोऱ्याला बांधून पाण्यात बुचकळायचा, पाव करवतीने कापायचा, अंड्यांचा नुसता वास फवारायचा. मग कारखाना. पट्ट्यावरून तोफगोळा येतो, मध्येच हिटलरची तसबीर येते. गोळा, सलाम, गोळा, सलाम, बिचारा वेडा होईपर्यंत. शेवटी हिटलरच्या थोबाडावर टोमॅटो. याला म्हणतात टिंगल! मारायचं तर गादीवर बसलेल्याला मारा.

असं टाइप करून, खात्री म्हणून ते परत लावलं. सुरुवातीच्या बँडमध्ये एक जपानी आहे. तेच दात, तेच डोळे. इतक्या वर्षांत मला तो दिसलाच नव्हता.

संध्याकाळी भाच्याला खाली नेऊन सॉरी म्हणायला लावलं. काका म्हणाले, "बच्चा है साब." मग विचारलं, "कौनसा कार्टून था?"

मी म्हटलं, "पुराना है."