चित्र अमेरिकेचं, आवाज चेन्नईच्या थिएटरातला

इंग्रजी सिनेमाची चोरीची तमिळ डब कॉपी नीट ऐका. चित्र लख्ख, आवाज मात्र विहिरीतून आल्यासारखा. बऱ्याचदा चित्र परदेशातल्या ओटीटीवरून उचललेलं असतं आणि आवाज तमिळनाडूतल्या थिएटरात रेकॉर्ड केलेला. खोकले, शिट्ट्या त्यात फुकट.

मग ओठ आणि आवाज यांची फारकत होते. थिएटरची प्रत सेकंदाला २४ फ्रेमची (म्हणजे स्थिर चित्रांची), ओटीटीची बहुतेक वेळा २३.९७६ ची. फरक हजारात एकाचा, पण दोन तासांच्या शेवटी आवाज सात सेकंद सरकलेला असतो. चित्र २५ फ्रेमच्या युरोपीय प्रतीवरून घेतलं असेल तर जवळजवळ पाच मिनिटं! त्यात आपल्या सेन्सॉरने कापलेला प्रसंग तिकडच्या प्रतीत असला, की पुढचं सगळंच चुकत जातं.

एवढं सोसून लोक बघतात, कारण त्यांना सिनेमा तमिळमधूनच हवाय. घरातल्या आजीला सबटायटल वाचायला लावून भागत नाही. स्टुडिओंना हे पक्कं ठाऊक आहे. २०१९ च्या 'अ‍ॅव्हेंजर्स: एंडगेम'चे तमिळ संवाद दिग्दर्शक ए. आर. मुरुगदास यांनी लिहिले, आयर्न मॅनला आवाज अभिनेता विजय सेतुपतीचा. पण हे लाड मोठ्या सिनेमांचे. मधल्या फळीतल्या कोरियन, चिनी, भुताखेतांच्या सिनेमांना तमिळ ट्रॅक (आवाजाची पट्टी) एकतर नसतो, किंवा थिएटरात असतो आणि ओटीटीवर गायब. हक्क भाषेनुसार आणि देशानुसार वेगवेगळे विकले जातात, त्यामुळे भारतात मिळालेला ट्रॅक जाफना किंवा क्वालालंपूरमधल्या तमिळ माणसाला मिळेलच असं नाही. (मराठीत बहुतेकदा ट्रॅकच बनत नाही, म्हणून आपण चोरीसुद्धा हिंदीतून करतो.)

कायदा कडक आहे. २०२३ च्या दुरुस्तीनंतर थिएटरात रेकॉर्डिंग केल्यास किमान तीन महिने, कमाल तीन वर्षं कैद आणि किमान तीन लाख दंड. हॉलिवूडच्या डिजिटल प्रतीत चित्रात आणि आवाजातही लपलेली खूण उमटवण्याची सोय असते. त्यावरून कुठलं यंत्र, कुठली वेळ हे काढता येतं. चोरीच्या साइट बंद करणं मात्र मला वेळकाढूपणा वाटतो. २०१९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने नव्या मिरर साइट (त्याच साइटची नव्या पत्त्यावरची नक्कल) बंदीच्या जुन्याच आदेशात जोडायची मुभा दिली, तरी नवा पत्ता उगवतोच, आणि टेलिग्राम आहेच.

डबिंगसाठी संगीत आणि इफेक्टचा ट्रॅक संवादांपासून वेगळा येतो, त्यावर फक्त आवाज चढवून मिक्स करायचं. थिएटरसाठी हे काम आधीच झालेलं असतं. मग तोच ट्रॅक ओटीटीवर पहिल्या दिवसापासून, सगळ्या देशांत द्यायला अडतं ते करारात. स्टुडिओंनी वकिलांना त्या कामाला लावावं.