बर्फातली केळी विदर्भात घड देईल?

शेतकऱ्यांच्या ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय: 'उणे २० अंशांत, बर्फातही टिकणारी जपानी केळी. थंडीची चिंता सोडा, एकदा लावा, दरवर्षी घड काढा.' खाली रोपांची बुकिंग. पैसे पाठवण्याआधी जरा थांबा भाऊ.

ही केळी म्हणजे मुसा बासजू. जपानी म्हणतात, पण मूळ दक्षिण चीनचं. बर्फात टिकतो तो तिचा कंद, तोही वर पेंढ्याचा जाड थर असेल तर. पानं पहिल्याच हिमाला काळी पडतात, उघडं खोडही बहुधा सडतं. इंग्लंड-अमेरिकेतले हौशी लोक हिवाळ्याआधी खोड छाटून बुंधा झाकून ठेवतात आणि उन्हं तापली की मुनवे, म्हणजे कंदातून येणारी नवी पिलं, फुटायची वाट पाहतात. त्यांना पानांची शोभा पुरते.

दरवर्षी घड? आला तरी खाणार काय! बोटाएवढी फळं, आत काळ्या टणक बिया, गर नावाला.

आता आपली थंडी. डिसेंबर २०१८ मध्ये नागपूरचा पारा ३.५ अंशांवर गेला होता. तेवढ्या थंडीनं ग्रँड नैनचा, म्हणजे आपल्या नेहमीच्या केळीच्या जातीचाही कंद मरत नाही. आपलं दुखणं वेगळं आहे. जूनमध्ये लावलेली मृगबाग निसवायला, म्हणजे घड बाहेर टाकायला येते ती ऐन थंडीत. पारा दहाच्या खाली राहिला की पोंगा, म्हणजे गुंडाळलेलं कोवळं पान, उलगडत नाही, पानं गळ्याशी एकावर एक दाटतात, घड खोडातच अडकतो. कधी खोडाची कूस फोडून आडवाच बाहेर येतो, वाकड्या फण्या घेऊन. कंद कितीही चिवट असला तरी त्यानं हे टळत नाही. हे टाळायला रात्री विहिरीचं कोमट पाणी, पहाटे धुऱ्यावर कुटाराचा धूर, वाऱ्याच्या अंगाला आडोशाला शेवरीची झाडं आणि घडाला भोकांची पिशवी लागते. कृषिपंपाला लाइट रात्रीची आली, तर तिचा तेवढा तरी उपयोग.

'एकदा लावा' म्हणणाऱ्यानं उन्हाळ्याचा शब्दही काढलेला नाही. पंचेचाळीस अंशांच्या झळा आणि तळ गाठलेली विहीर, विदर्भातली केळी हरते ती तिथं. मे महिन्यात ड्रिप दोन दिवस बंद पडलं तर काय होतं, ते अकोट-अंजनगावच्या केळीवाल्यांना विचारा.

अंगणात शोभेला एखादं झाड हवं असेल तर खुशाल घ्या, मोरीच्या पाण्यावर लावा. एकरभर लावायचं हे पीक नाही.